निळ्या दोऱ्याचा कोश

पुस्तक बांधणारी बाई पुस्तकं वाचत असेल असं लोकांना वाटतं. वाचते, पण कशी ते ऐका. छापखान्यातून येतो तो कागद मोठा असतो. त्यावर आठ पानं या अंगाला, आठ त्या अंगाला, अन् ती क्रमानं मुळीच नसतात. पहिल्याच्या शेजारी सोळावं, मधेच कुठे पाचवं डोकं खाली पाय वर करून बसलेलं. कागदाच्या घड्या बरोबर घातल्या की मग सगळी शहाण्यासारखी एकामागे एक उभी राहतात. या घडीला आम्ही फर्मा म्हणतो. मी वयाच्या बाराव्या वर्षापासून नागपुरात, महाल भागातल्या एका बाइंडिंगखान्यात फर्मे दुमडत आले. शाळा चौथीपर्यंत, पण वाचायची हौस दांडगी. हाताखालून कागद जायचा तेवढ्यात जे दिसेल ते वाचायचं. त्यामुळे कित्येक कादंबऱ्यांमधली नायिका मेली हे मला आधी कळलं अन् तिचं लग्न झालं हे नंतर. माझं सगळं शिक्षण असंच आहे, शेवट आधी आणि सुरुवात मागाहून. हा लेखही तसाच झाला तर सांभाळून घ्या.

मालक गेले, मालक म्हणजे माझे यजमान, तेव्हा मुलगा मिलिंद अमेरिकेत स्थिरावला होता. तो तिकडचा सिटिझन झालेला, म्हणून मला ग्रीन कार्ड मिळालं अन् दोन हजार एक साली मी मिनेसोटात, ईडन प्रेरीला येऊन पडले. पडले हेच बरोबर. मिलिंद आणि सूनबाई प्रज्ञा सकाळी ऑफिसला जायचे, नात रिया शाळेत, अन् मी खिडकीशी. बाहेर बर्फ. रस्त्यावर माणूस म्हणून दिसत नाही. नागपूरहून आणलेली मोठी बॅग मी पूर्ण उघडलीच नाही. लागेल तेवढं वरचं वर काढलं अन् बाकी तशीच पलंगाखाली सरकवली. म्हटलं, जायचंच आहे परत, दोनदा काहून भरायची?

नोकरी लागली ती माझ्या आगाऊपणामुळे. रियाच्या शाळेचं काहीतरी झेरॉक्स करायला प्रज्ञा मला एका दुकानात घेऊन गेली. झेरॉक्स, छपाई, स्पायरल लावणं असं सगळं करणारं दुकान. मालक गॅरी, साठीचा, अंगानं भला थोरला. तो काउंटरवर एका म्हाताऱ्या बाईच्या आजोबांचं जाडजूड प्रार्थनेचं पुस्तक घेऊन बसला होता. पाठ निखळलेली. अन् हा बाप्पा तिच्यात ट्यूबमधला सुपरग्लू पिळत होता. मला बघवेना. मी सरळ त्याच्या हातातून पुस्तक ओढून घेतलं.

"आई, अहो आई, इथे असं करत नाहीत," प्रज्ञा म्हणाली.

"मग इथे पुस्तकाचा असा खून करतात काय?"

गॅरीनं प्रज्ञाला विचारलं, या काय म्हणतायत. तिनं काय सांगितलं कोण जाणे, पण तो हसला अन् त्यानं स्टूल पुढे सरकवलं. दुसऱ्या दिवशी मी घरून मैद्याची खळ शिजवून नेली, चिमूटभर मोरचूद नव्हतं म्हणून लवंगेचं तेल घातलं, किडीला तेही चालतं. आठवड्याभरानं पुस्तक उभं राहिलं. त्या बाईनं माझे दोन्ही हात धरले अन् रडली. गॅरी म्हणाला, "शॅकू, सोमवारपासून येशील?" माझं नाव शकुंतला. ते त्याच्या तोंडात मावलं नाही.

तिथलं गिऱ्हाईक म्हणजे एकेक नमुना. एका गृहस्थानं आपल्या घटस्फोटाचे कागद लाल चामड्यात बांधून घेतले, वर सोनेरी अक्षरांत फक्त 'समाप्त'. युनिव्हर्सिटीतली आपली मराठी पोरं यायची थीसिस घेऊन. सगळी घाईत. "काकू, उद्या सबमिशन आहे, प्लीज यार, म्हणजे प्लीज काकू." डावीकडची मार्जिन दीड इंच सोडायची असते, कारण तेवढा कागद बांधणीत जातो. हे चार वर्षं संशोधन केलेल्या पोराला ठाऊक नसतं. एकाचे सगळे आकडे शिलाईत गेले. म्हटलं, "बाळा, तुझा निष्कर्ष काय आहे?" म्हणाला, "काकू, तोच शिलाईत गेलाय." पुन्हा छापून आणायला लावलं. आता तो कुठेसा मोठा शास्त्रज्ञ आहे, अन् दर दिवाळीला फोन करून मार्जिनची आठवण काढतो.

पण मला सांगायचंय ते निळ्या दोऱ्याच्या पुस्तकाचं.

दोन हजार तीनचा नोव्हेंबर. दुकानाचं दार उघडलं अन् काषाय चीवर घातलेले एक भंते आत आले. वरून लोकरीची टोपी, पायात बर्फाचे बूट. मागे एक वाळकी म्हातारी, छातीशी निळं गाठोडं धरलेली, अन् तिची विशीतली नात. आता मी नागपूरच्या इंदोऱ्यातली, बौद्ध वस्तीतली. आमच्या गल्लीत विहार, लहानपणापासून त्रिशरण पंचशील म्हणत वाढलेली. भंते दिसले की माझे गुडघे मला विचारत नाहीत. मी कटरच्या अन् झेरॉक्स मशीनच्या मधल्या जागेत जमिनीवर डोकं टेकवून वंदन केलं. गॅरीला वाटलं बाई भोवळ येऊन पडली. तो पाण्याचा ग्लास अन् टेलिफोन दोन्ही घेऊन धावला.

भंते म्हणाले, "ठीक आहे, ठीक आहे. त्या बऱ्या आहेत." मग माझ्याकडे बघून पालीत आशीर्वाद दिला. मी रीतीप्रमाणे 'साधु साधु साधु' म्हटलं. तेव्हा ते चमकले. त्यांना काय माहीत, नागपूर कुठे अन् आम्ही कोण. मोडक्या इंग्रजीत मला जमलं तेवढं सांगितलं. तेव्हापासून ते मला उपासिका म्हणायचे.

भंतेंचं नाव सोवान. कंबोडियाचे. आमच्यापासून तासाभरावर शेतांमध्ये त्या लोकांचा विहार होता. त्यांच्या देशात जे झालं ते मी सांगत बसत नाही. त्यांच्याच राज्यकर्त्यांनी शिकलेला माणूस हुडकून मारला, विहार ओस पाडले, पुस्तकं जाळली. जे निसटले ते सरहद्दीवरच्या छावण्यांत राहिले, अन् तिथून कोणी कुठे, कोणी कुठे. ही मंडळी मिनेसोटाच्या बर्फात.

म्हातारीला सगळे येय म्हणायचे. त्यांच्या भाषेत येय म्हणजे आजी. नातीचं नाव लीना, हॉस्पिटलात काम करायची. येयनं गाठोडं काउंटरवर ठेवलं. आत पुस्तक होतं, उशीएवढं. वरचं कव्हर निळ्या ताडपत्रीचं. शिलाई धान्याच्या पोत्याच्या निळ्या प्लास्टिक दोऱ्याची. अन् शिलाई तरी कशी. पाठीपासून दोन बोटं आत, वरून खालपर्यंत भोकं पाडून आरपार आवळलेली, गाठीवर गाठ. पुस्तक उघडायला गेलं तर अर्धंच उघडायचं, चिमट्यासारखं मिटायचं. प्रत्येक ओळीचे पाठीकडचे दोन-तीन शब्द शिलाईच्या पोटात.

"येयला हे चांगल्या चामड्यात बांधून हवंय," लीना म्हणाली. "सोनेरी अक्षरं. मग विहारात काचेच्या कपाटात ठेवणार."

"बांधू की. आधी ही शिलाई उसवावी लागेल."

लीनानं सांगितलं. येयनं पुस्तक परत छातीशी ओढलं.

"ती म्हणते, शिलाईला हात लावायचा नाही. ती आजोबांनी घातलीय."

मी म्हटलं, मग चामडं कशाला, वरून नुसता सदरा चढवल्यासारखं होईल. गॅरी म्हणाला, झेरॉक्स काढू. एक पान काढून बघितलं. अर्ध्यात काळा पट्टा. पुस्तक सपाट झाल्याशिवाय झेरॉक्सही येत नव्हती. भंते हे सगळं शांतपणे बघत होते. मग त्यांनी खांद्यावरचा रुमाल काउंटरवर पसरला. त्यांच्याकडे भिक्खू बाईच्या हातातून थेट काही घेत नाहीत. मी पुस्तक रुमालावर ठेवलं, त्यांनी तिथून उचललं. गॅरीनं दुसऱ्याच दिवशी काउंटरवर एक टर्किश टॉवेल आणून ठेवला, भंतेंसाठी खास.

हे पुस्तक म्हणजे ख्मेर भाषेचा कोश. तो करणारे त्यांच्या देशातले एक थोर भिक्खू, मी त्यांना थोरले भंते म्हणते. सोवान भंते लहानपणी सामणेर, म्हणजे छोटे चीवरधारी, असताना त्यांच्या विहारात पाणी भरायला अन् पेन्सिली तासायला होते. "माझं सगळं पांडित्य पेन्सिलीच्या टोकापासून सुरू झालं," असं ते म्हणायचे. थोरल्या भंतेंबद्दल ऐकताना मला आमच्याकडच्या गोष्टी आठवायच्या. त्यांच्या काळात धम्म ताडपत्रावरच लिहायचा, कागदावर छापला तर पाप, असं म्हणणारे जुने भिक्खू होते. थोरल्या भंतेंनी छापला. तेव्हा तिथे फ्रेंचांचं राज्य, शहाण्या लोकांची भाषा फ्रेंच झाली होती. यांनी पाली-संस्कृतातून नवे शब्द घडवून ख्मेरच्या पदरात टाकले, म्हणजे नवी वस्तू आली तर तिचं नाव उसनं आणायला नको. तिथला माणूस आजही शब्दावरून भांडला की त्या कोशाकडे बोट दाखवतो. असा माणूस जाऊनही भाषेत राहतो. सोवान भंतेंनी त्यांचंच काम पुढे चालवलं होतं, पोरांना रविवारी अक्षरं शिकवायची, म्हाताऱ्यांकडून विसरलेले शब्द गोळा करायचे. पण पोरं यायची ती दुपारच्या जेवणासाठी. आमच्या रियासारखीच. मराठीत विचारा, इंग्रजीत उत्तर.

भंतेंच्या डोक्यात वेगळंच होतं. पुढच्या रविवारी विहारात त्यांनी ते सगळ्यांसमोर काढलं. मला मुद्दाम बोलावलं होतं. जेवणं झाली होती, भाताचा अन् माशाच्या आंबट रश्शाचा वास दरवळत होता. ते म्हणाले, कोश उसवायचा. अक्षरागणिक वेगळा करायचा. तेहतीस व्यंजनं, अन् स्वरांचा एक गठ्ठा. एकेका घरी एकेक अक्षर द्यायचं. रोज संध्याकाळी त्यातला एक शब्द वाचायचा, घरातल्या म्हाताऱ्यानं समजावायचा, पोरानं लिहायचा. नवीन वर्षाला सगळ्यांनी आपापलं अक्षर परत आणायचं, अन् उपासिका तो पुन्हा बांधतील.

मी आयुष्यभर सुटं ते बांधलं. बांधलेलं सुटं करून वाटायचं हे मला कोणी कधी सांगितलं नव्हतं. 

"झेरॉक्स वाटा की," कोणीतरी म्हणालं.

"झेरॉक्स लोक ड्रॉवरमध्ये टाकतात," भंते म्हणाले. "हे पान घरात आलं तर हात धुऊन धरतील."

सगळ्यांनी येयकडे पाहिलं. येय चटईवर बसली होती, पुस्तक मांडीवर. तिला वाचता येत नव्हतं. ती बराच वेळ बोलली, अन् लीना माझ्या कानात सांगत गेली. तिचे यजमान शाळामास्तर. छावणीत त्यांनी मनगटावरचं घड्याळ देऊन हा कोश मिळवला, सुट्या पानांचा. छावणीत कागद म्हणजे काय? लोक तंबाखू वळायचे, चूल पेटवायचे. म्हणून मास्तरांनी छत्रीची काडी तापवून भोकं पाडली अन् असा आवळून शिवला, की कोणाला एक पान उपटता येऊ नये. शिलाई चुकीची नव्हती हो. तिचं काम वेगळं होतं. वाचायला नव्हे, वाचवायला घातलेली शिलाई होती ती, अन् तिनं आपलं काम चोख केलं होतं.

"संध्याकाळी ते मला एक शब्द वाचून दाखवायचे," येय म्हणाली. "अंगठ्यानं पान असं दाबून धरायचे. आतले शब्द दिसायचे नाहीत तर अंदाजानं सांगायचे. मी म्हणायची, थोडं सैल तरी करा. म्हणायचे, घरी पोचलो की उसवू."

मास्तर इथे आल्यावर दुसऱ्याच हिवाळ्यात गेले.

मग येय माझ्याकडे वळली. एवढ्या तिच्या माणसांत तिनं मलाच काहून विचारलं कोण जाणे. कदाचित दुसरी एक म्हातारी बाई, दुसऱ्या देशातून आलेली, म्हणून असेल. लीनानं तिचा प्रश्न मला सांगितला. "ती विचारते, हे घर आहे का? आपण पोचलो का?"

माझी बॅग अजून पलंगाखाली भरलेली होती. मी लीनाला म्हटलं, "सांग तिला, मलाही अजून कळलं नाही."

येय हसली. पहिल्यांदाच. मग लीनाकडे बघितलं तिनं, तिच्या हॉस्पिटलच्या निळ्या कपड्यांकडे, तिच्या हातातल्या गाडीच्या किल्ल्यांकडे. तिच्याशी काहीतरी बोलली अन् पुस्तक पुढे सरकवलं.

लीना म्हणाली, "ती म्हणते, लीना इथेच जन्मलीय, म्हणजे लीना तरी पोचलीय. उसवा. पण दोरा कापायचा नाही. अन् ती शेजारी बसणार."

दोरा न कापता उसवायचा म्हणजे काय ते सांगते. साधा कामगार ब्लेड मारतो, दोन मिनिटांचं काम. पण मग कागदाची भोकं फाटतात. माझे उस्ताद म्हणायचे, ज्यानं शिवलं त्याच्या उलट चालत जा. शेवटची गाठ आधी, पहिली सर्वात मागून. टोच्यानं गाठ सैल करायची, दोरा भोकातून ओढायचा, पुढची गाठ. दोन दुपारी लागल्या. येय स्टुलावर बसून प्रत्येक गाठ सुटताना बघत होती, मधूनच काही पुटपुटायची. गॅरीनं तिला चहा दिला, तिनं त्यात चार चमचे साखर घातली. अखेरीस दोरा अखंड निघाला. मी तो रिकाम्या रिळावर गुंडाळून तिच्या हातात दिला. इतक्या वर्षांत त्या प्लास्टिकला काही झालं नव्हतं.

पानं लावणं मला सोपं गेलं. मला ख्मेर वाचता येत नाही, पण त्यांची अक्षरं आपल्याच क्रमानं चालतात, क ख ग घ. मी मनात बाराखडी म्हणत गठ्ठे करत गेले, भंते तपासत गेले. प्रत्येक गठ्ठ्याला साधी सैल शिलाई, वर जाड कागदाचं कव्हर, सपाट उघडेल असं. काही पानांवर पुढच्या बाजूला एक अक्षर संपायचं अन् मागच्या बाजूला दुसरं सुरू व्हायचं. तिथे मागची बाजू झेरॉक्स करून दुसऱ्या गठ्ठ्यात लावली. फक्त एका ठिकाणी भंते म्हणाले, "हे पान कॉपी करू नका, उपासिका. हे दोन्ही गठ्ठे एकत्रच राहू देत."

ते पान त आणि थ यांच्या मधलं. भंतेंनी ती दोन अक्षरं ज्या दोन घरांना देण्याचं ठरवलं होतं, त्या घरांचे कर्ते, थुन अन् सारीथ, एका लग्नात कॅरिओकेच्या मशीनवरून भांडले होते. कोणाचा नंबर आधी, एवढंच. दोन वर्षं एकमेकांचं तोंड बघत नव्हते. आता एकच जोडगठ्ठा, आठवडा तुमच्याकडे, आठवडा त्यांच्याकडे. मी भंतेंकडे पाहिलं. ते छताकडे बघत होते.

वाटपाच्या दिवशी हीऽ गंमत. ज्याला क मिळाला तो जाडजूड गठ्ठा मिरवत गेला. एकाला मिळालेलं अक्षर जेमतेम दोन पानांचं, तो रुसला. "आमच्या घराण्याची एवढीच किंमत?" भंते म्हणाले, "तुझा अभ्यास आधी संपेल, मग शेजाऱ्याला मदत कर." एका बाईनं आपलं अक्षर लगेच साडीच्या फडक्यासारख्या रेशमी कापडात गुंडाळलं. येय प्रत्येकाच्या हातात स्वतः देत होती. देताना पकड सोडायला तिला जरा वेळ लागायचा.

तो हिवाळा तिला जड गेला. लीना दुकानात यायची अन् सांगायची, "येय रोज कोणाला तरी फोन करते. अक्षर बरं आहे ना, खोकला वगैरे नाही ना, असं विचारते." मलाही धाकधूक. कोणाच्या बेसमेंटमध्ये पाणी शिरलं, कोण टेक्सासला निघाला, असं ऐकलं की मी आधी अक्षर विचारायची, माणूस नंतर. पण दुसरंही ऐकू यायचं. एक पोरगा म्हणे शाळेच्या बसमध्ये आजीला फोन करून शब्दाचा अर्थ विचारत होता. रुसलेल्या माणसानं दोन पानं पाठ करून टाकली अन् आता जो भेटेल त्याला म्हणून दाखवत होता. थुन अन् सारीथ किराणा दुकानाच्या पार्किंगमध्ये गठ्ठ्याची अदलाबदल करायचे, काच खाली करून, न बोलता, चोरीचा माल दिल्यासारखे.

त्यांचं नवीन वर्ष एप्रिलच्या मध्यावर येतं. आमच्याकडे चौदा एप्रिल म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. म्हणजे सण त्यांचाही तेव्हाच अन् आमचाही. जवळच्या शनिवारी त्यांनी उत्सव ठेवला. मी पांढरी साडी नेसून गेले, सोबत सुई, टोचा, खळीचा डबा, पुस्तक दाबायचा लाकडी शिकंजा घेऊन, चामड्याचं कव्हर तयार करून. सगळ्यांसमोर पुन्हा बांधायचं ठरलं होतं. मिलिंद, प्रज्ञा अन् रिया मला सोडायला आले ते नूडल्स बघून थांबले.

अक्षरं येऊ लागली. क आला, कोपऱ्यावर माशाच्या सॉसचा डाग. ख वर मेणखडूचं फूल. एकाच्या पानांत नव्या भाताची लोंबी, कुठून आणली देव जाणे. मी चटईवर रांग लावत होते, येय शेजारी बसून प्रत्येक गठ्ठ्यावर हात फिरवत होती. रांग भरत आली, अन् मधेच एक जागा रिकामी. त अन् थ.

थुन म्हणाला, "त्यांच्याकडे आहे."

सारीथ म्हणाला, "मी गेल्या आठवड्यात दिलाय त्यांना."

"कोणाला दिलास?"

"तुझ्या मुलाला."

"माझ्या मुलानं मला दिला नाही."

दोन वर्षांत ते पहिल्यांदाच एकमेकांशी बोलत होते, अन् सगळ्या विहाराला ऐकू जाईल असं. बायका उठल्या. कोणी गाडीत बघून आलं, कोणी घरी फोन लावला. मी येयकडे बघायचं टाळत होते. तिचा हात त्या रिकाम्या जागेवर होता, चटईवर, पान असल्यासारखा. माझ्या मनात एकच, मीच उसवला. मी नाही म्हटलं असतं तर आज हा जसाच्या तसा असता. मिटलेला, पण पूर्ण.

शेवटी दोन पोरं सापडली, झोपाळ्यावर. थुनचा मुलगा अन् सारीथची मुलगी, दोघं आठ-नऊ वर्षांची. लीनानं त्यांना समोर उभं केलं. पोरगी म्हणाली, "इट्स ॲट स्कूल."

"स्कूल?"

"आमच्या टीचरनं सांगितलं होतं, घरातली सगळ्यात जुनी गोष्ट आणा. आम्ही दोघांनी मिळून नेलं. सगळ्यांना अक्षरं काढून दाखवली. टीचर म्हणाल्या, सोमवारपर्यंत वर्गात ठेवू का, बाकीच्या वर्गांना पण बघायचंय." मग घाबरून म्हणाली, "वी वॉश्ड अवर हँड्स."

शनिवार. शाळेला कुलूप. आज काही पुस्तक पूर्ण होत नव्हतं. थुन पोराला रागवायला पुढे झाला, सारीथनं त्याचा दंड धरला. सगळे येयकडे बघत होते. लीना तिच्यापाशी गुडघ्यावर बसली अन् हळूच सगळं सांगितलं.

येयनं एकच शब्द परत विचारला. लीनानं मान हलवली. अन् म्हातारी हसायला लागली. खांदे हलेपर्यंत हसली, आपल्या खांद्यावरचा रुमाल पदरासारखा डोळ्यांना लावला. मग जे बोलली ते लीनानं मला सांगितलं. "ती म्हणते, मास्तरांचं पुस्तक शाळेत पोचलं. आता कोणी ते तिथून ओढून आणू नका."

तिनं रिकाम्या जागेवरचा हात उचलला. माझं चामड्याचं कव्हर बघितलं, चांगलं आहे अशी मान डोलावली, अन् बाजूला ठेवलं. "बांधू नका," म्हणाली. "असंच फिरू द्या. दरवर्षी अक्षरं बदलून द्या. ज्यांच्याकडे थ होता त्यांना यंदा क मिळू दे." ज्याच्याकडे दोन पानं होती तो सर्वांत आधी साधु म्हणाला.

मी शिकंजा परत पिशवीत ठेवला. बांधणारणीला काम उरलं नाही असं बघून थोडं वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू. पण येयनं मला थांबवलं. तिनं कमरेच्या कनवटीतून रीळ काढलं. निळा दोरा. त्यांच्याकडे नव्या वर्षाला मनगटावर सूत बांधतात, आशीर्वादाचं. आमच्याकडे परित्राण पाठानंतर, म्हणजे रक्षणाची सूत्रं म्हटल्यावर, बांधतात तसंच. भंतेंनी दोऱ्यावर पाठ म्हटला. तोच दोरा, जो मला कापू दिला नव्हता, तो येयनं माझ्याच कात्रीनं वीत-वीत कापला, अन् ज्या ज्या घरानं अक्षर सांभाळलं त्या घरातल्या एकेका पोराच्या मनगटावर बांधला. थुन-सारीथच्या दोन्ही पोरांना सर्वांत लांब तुकडे. शेवटचा माझ्या हातावर. मास्तरांसारखीच गाठीवर गाठ. मी म्हटलं, "येय, हा सुटणार नाही." लीनानं सांगितलं तर म्हणाली, "सुटू नये म्हणूनच."

मी त्या अक्षरांसाठी कापडी पाठीची एक पेटी करून दिली. ती काचेच्या कपाटात नाही, विहाराच्या स्वयंपाकघरात असते, चहाच्या डब्यांशेजारी, कारण माणसं तिथेच जमतात. पुढची चार वर्षं, दोन हजार आठला मी काम सोडेपर्यंत, फाटकी अक्षरं दुकानात यायची अन् मी डागडुजी करायची. ख सर्वांत जास्त फाटायचा, का ते अजून कळलं नाही. थुन आणि सारीथ अजूनही फारसं बोलत नाहीत. पण कॅरिओके एकत्र गातात. गॅरीचा टर्किश टॉवेल आता माझ्या घरी आहे.

त्या शनिवारी परत येताना गाडीत रिया माझं मनगट हातात घेऊन बसली होती. "आजी, व्हॉट डज इट मीन?" तिनं विचारलं. मी मराठीत सांगितलं. तिला अर्धं कळलं, अर्धं तिनं अंदाजानं घेतलं, मास्तर घ्यायचे तसं. घरी आल्यावर मी मिलिंदला म्हटलं, पलंगाखालची बॅग काढ. वरचे कपडे तर केव्हाच निघाले होते. खाली सावजी मसाल्याची पुडी होती, वास उडालेली, दोन साड्या, अन् टॉवेलात गुंडाळलेलं माझं नागपूरचं, फर्म्याची घडी दाबायचं हाड, जे मी तीन वर्षं हरवलं समजत होते. ते हाड मी टेबलाच्या ड्रॉवरमध्ये ठेवलं. रिकामी बॅग मिलिंदनं गॅरेजमध्ये नेऊन टांगली.